जप्त सीताफळं आणि बंदोबस्तावरची चावी

"वकील साहेब, डोळे उघडून राह्यले त्यायचे. आज नाही सुटले तं ढोरं बी तोंड लावनार नाही."

सुलोचनाबाईंचा फोन आला तेव्हा मी कोर्टाच्या पायऱ्यांवर होतो. डोळे म्हणजे सीताफळाच्या सालीवरचे. ते फाकले की फळ पिकायला लागलं. मग ते कोणाची वाट पाहत नाही.

बाई आदिलाबाद जिल्ह्यातल्या बाजारहत्नूरकडच्या. स्वतःच्या बांधावरची आणि शेजारच्या बायांनी विश्वासाने दिलेली सीताफळं भाड्याच्या पिकअपमध्ये घालून नागपूरला निघाल्या होत्या. हायवेवर पोलिसांनी गाडी अडवली. ड्रायव्हरच्या सीटखाली गुटखा निघाला. आमच्या तेलंगणात त्याला बंदी आहे. ड्रायव्हर आत गेला, ते ठीकच झालं. पण एसआय, म्हणजे सब-इन्स्पेक्टर साहेबांनी सीताफळंही जप्त केली. पंचनाम्यात कारण लिहिलं, 'गुटखा लपवण्यासाठी वापरलेला माल.' मागच्या क्रेटांनी पुढच्या सीटखालचा गुटखा कसा लपवला, हे साहेबांनाच ठाऊक.

आदल्या दिवशी मी ठाण्यात जाऊन एसआय साहेबांना भेटलो होतो.

"मुद्देमाल है, वकील साब. कोर्ट का ऑर्डर लाओ."

"साहब, फल है. सड़ जाएगा."

"सड़ने दो. एविडेन्स है."

मुद्देमाल म्हणजे केसमध्ये जप्त केलेली वस्तू. ती नासणारी असेल तर केस संपायच्या आधीच मॅजिस्ट्रेट ती सोडू शकतात. फोटो काढायचे, वजन करायचं, मालकाकडून बाँड लिहून घ्यायचा. पुढे केस चालते तेव्हा फळाऐवजी फोटो दाखवतात. यात अवघड काही नाही. अवघड असतात ती माणसं.

दुपारी माल सोडण्याचा आमचा अर्ज पुकारला. सरकारी वकील उठले आणि लॅबचा रिपोर्ट यायचा आहे म्हणाले. मॅजिस्ट्रेट मॅडमनी एसआय साहेबांकडे पाहिलं.

"लॅबला काय पाठवलं?"

"गुटखा, मॅडम."

"आणि सीताफळ?"

"नाही, मॅडम."

"मग त्याचा रिपोर्ट कुठून येणार?"

साहेबांनी टोपी या बगलेतून त्या बगलेत घेतली. मॅडमनी तिथेच ऑर्डर दिली, आजच्या आज माल सोडा.

ऑर्डर घेऊन मी आणि बाई ठाण्यात पोचलो. आता नवीनच अडचण. मुद्देमालाच्या खोलीची चावी रायटरकडे, म्हणजे ठाण्याचं लिखाणकाम बघणाऱ्या हवालदाराकडे. आणि रायटर बंदोबस्ताला. कुठल्या, ते कोणालाच सांगता येईना. आम्ही बाकावर बसलो. दाराच्या फटीतून गोड वास येत होता. बाई पदर नाकाला लावून दाराकडे बघत होत्या.

"गावात कोन्त्या तोंडानं जाऊ, साहेब? बायायनं माह्या भरोशावर देल्ला माल."

मी बॅगेतून कागद काढला आणि मोठ्याने म्हणालो, "ठीक आहे. ऑर्डर पाळली नाही, असं मॅडमना लिहून देतो."

रायटर बंदोबस्तावरच राहिला. चावी मात्र एसआय साहेबांच्याच ड्रॉवरमधून निघाली.

खोली उघडली. खालच्या क्रेटमधली फळं फुटून काळी पडली होती. वरची बरी होती. पण दाराजवळचे तीन क्रेट रिकामे होते. नासलेले नव्हे, रिकामे. कोपऱ्यातल्या बादलीत साली आणि चमकदार काळ्या बिया.

"ये क्या है, साहब?"

"चूहे," साहेब म्हणाले. "बहुत चूहे हैं यहाँ."

आमच्या भागातले उंदीर साली बादलीत टाकतात, हे मला त्या दिवशी कळलं. बाजूला सील केलेला गुटखा शाबूत होता.

मी पावतीवर 'तीन क्रेट कमी' लिहायला लागलो. साहेब म्हणाले, तसं लिहायचं तर वरून परवानगी लागेल, उद्या या. बाईंनी माझा हात धरला.

"लिहू द्या त्याले उंदीर. उद्याच्याले हे बी नाही राह्यनार. उचला माल."

पावतीवर उंदीर लिहिले गेले. नागपूर तर हुकलंच होतं. उरलेली फळं बाईंनी संध्याकाळी आदिलाबादला एका आईस्क्रीमवाल्याला दिली. गर काढायला पिकलेलं फळच लागतं, म्हणून त्याने घेतली. पैसे आले ते त्यांनी बायांमध्ये वाटून टाकले, स्वतःला काही ठेवलं नाही.

गुटख्याची केस अजून चालू आहे. एसआय साहेबांची बदली झाली, चांगल्या जागी. नाशवंत मालाच्या अर्जात मी आता एक ओळ जास्त टाकतो: माल सोडेपर्यंत खोलीची चावी कोर्टात जमा करावी.