तिसऱ्या पोरीचं नाव

माझी बायको पाळणा अडवायची. बारशाला गेली की पाळण्याच्या उशाशी बसायची, एक हात दोरीवर. बायकांचं ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या’ होऊन जायचं. बाळाची आत्या कानात ‘कुर्रर्र’ करायला वाकायची, बाकीच्या तिच्या पाठीत धपाटे घालायला हात उचलून तयार. तेवढ्यात ही दोरी घट्ट धरायची आणि म्हणायची, “थांब. अर्थ काय त्याचा?”

पोरगा असला तर विचारायची नाही. “पोराचं काय बी ठेवा, खपून जातंय,” म्हणायची. पोरीचं नाव मात्र चौकशी झाल्याशिवाय कानात जाऊ द्यायची नाही. आमच्या भिंगारच्या गल्लीत एकदा एका नातीचं नाव मायरा ठेवायचं ठरलं. हिने दोरी धरली. पोरीचा बाप मोबाईल घेऊन पुढे आला. “काकू, संस्कृत नाव आहे. मोबाईलवर दिलंय.”

“मोबाईल कंच्या शाळेत शिकला?”

“अहो, खरंच. प्रिय असा अर्थ आहे.”

“कोण म्हनलं?”

घुगऱ्या गार झाल्या. आत्याची कंबर वाकून वाकून दुखायला लागली. शेवटी पोरीच्या आजीनेच हिच्या हातातली दोरी सोडवून घेतली. पुढे गल्लीतल्या बायका हिला बारशाचं आमंत्रण जरा उशिराचं द्यायच्या, नाव ठेवून झाल्यानंतरचं. हिलाही ते कळलं होतं. ही अर्धा तास आधी जाऊन बसायची.

‘कोण म्हनलं?’ हा तिचा कायमचा शब्द. डॉक्टरांनी मीठ बंद करा सांगितलं तेव्हाही तिने विचारलं, “कोण म्हनलं?” डॉक्टर समोरच बसले होते. भेंडी घेताना प्रत्येक भेंडीचं टोक मोडून बघायची. वजन करणाऱ्याच्या काट्याकडे न बघता त्याच्या तोंडाकडे बघायची. गोड बोलणाऱ्यावर तर तिचा खास डोळा. शेजारीण एकदा शिर्डीहून आली आणि आठवणीने प्रसाद घेऊन आली. ही पुडी हातात घेऊन म्हणाली, “एवढ्या लांबून आमच्यासाठीच बरी आठवन झाली. काम असंल कायतरी.” दुसऱ्या दिवशी शेजारीण आमची घडीची खाट मागायला आली. बायको माझ्याकडे बघून नुसती हसली. अशी ती खरी ठरायची, आणि त्यामुळे जास्तच बिघडायची.

मी चौथी शिकलेला. लष्कराच्या डेपोत मजूर म्हणून लागलो आणि मजूर म्हणूनच सुटलो. मला माणसं वाचता येत नाहीत. तिला यायची. एकच गोष्ट तिला आयुष्यभर नीट वाचता आली नव्हती, आणि ती कोणती हे मला म्हातारपणी कळलं.

आमच्याकडे लग्नात नवरीचं नाव बदलतात. ताटात तांदूळ पसरायचे आणि नवऱ्याने अंगठीने त्यात नवं नाव काढायचं. माझ्या आईने ‘सुमन’ ठरवलं होतं. चौथीच्या अक्षरात मी ते काढलं. शेजारी बसलेली ही, माहेरची उमा, ताटात वाकून बघत होती. मुली त्या वेळी रडतात, माझ्या बहिणी रडल्या होत्या. ही हळूच म्हणाली, “झालं? जुनं गेलं ना आता?”

मला ते खटकलं. आपलं माहेरचं नाव गेलं म्हणून कोणाला बरं वाटतं? पुढे तिचा भाऊ पाथर्डीकडून यायचा, दारातूनच “उमे” अशी हाक मारायचा, आणि हिचं तोंड कडू व्हायचं. ती ओ द्यायचीच नाही. मी तरुण होतो, डोकं तिरकं चालायचं. त्या नावाने हाक मारणारा गावाकडे आणखी कोणी असावा, असं माझ्या मनात आलं. एकदा विचारूनही टाकलं.

“हाय की,” ती म्हणाली, “सगळा गाव मारायचा. त्यातला कोन पायजे तुमाला?”

पुन्हा मी विचारलं नाही. शंका मात्र गेली नाही. भाऊ वारला आणि ते नाव उच्चारणारं कोणी उरलं नाही. आमच्या सुनेला, पूजाला, तर ते माहीतही नव्हतं.

मागच्या वर्षी आम्हाला नात झाली. तेव्हा हिच्या किडन्या गेलेल्या, रक्त धुवायला आठवड्यातून दोनदा दवाखान्यात न्यावं लागायचं. त्या धावपळीत बारसं पुढे ढकललं होतं. एका दुपारी ही लसूण सोलत बसली होती, आणि पूजा बाळाला मांडीवर घेऊन मोबाईलवर नावं बघत होती.

“आई, अपर्णा कसं वाटतं? जुनं आहे, पण छान आहे.”

“अर्थ?”

“पार्वतीचं नाव. तिने शंकरासाठी तप केलं ना, तेव्हा आधी जेवण सोडलं, मग नुसती झाडाची पानं खाऊन राहिली. शेवटी पानंसुद्धा सोडली. पर्ण म्हणजे पान. म्हणून अपर्णा.”

“आता गं. उपाशी मारती का काय पोरीला?”

“पुढचं तर ऐका. तिचे हाल तिच्या आईला बघवेनात. ती म्हणाली, ‘उ, मा.’ म्हणजे, अगं नको. नको गं बाळा, एवढा जीव जाळू नकोस. त्यावरून पार्वतीचं आणखी एक नाव पडलं, उमा.”

हिच्या हातातली पाकळी खाली पडली. “फिरून वाच,” म्हणाली. पूजाने वाचलं. “कोण म्हनलं हे?” या वेळी मात्र आवाज नेहमीचा नव्हता.

संध्याकाळी मला म्हणाली, “मास्तरनं मला निम्मंच सांगितलं हुतं.”

मग सगळं बोलली. तिसरीत असताना मास्तर पोरींच्या नावांचे अर्थ सांगत होते. हिची पाळी आली तेव्हा म्हणाले, “उमा म्हणजे नको. तिसरी पोर ना गं तू? बरोबर ठेवलंय बापाने.” वर्ग हसला. घरी येऊन हिने दप्तर चुलीपुढे टाकलं आणि पुन्हा शाळेचं नाव काढलं नाही. थोरल्या बहिणीकडून तिला आधीच कळलं होतं, की तिसरी पोर झाली म्हणून बाप कितीतरी दिवस घरात आलाच नाही, रानातच राहिला. हिने दोन्ही गोष्टी एकत्र बांधल्या.

“मंग मला शंका येनार का न्हाई? सांगा तुमी.”

एवढी वर्षं मी गावाकडचा कोणी माणूस शोधत होतो, आणि तो माणूस तिचा बाप निघाला.

पूजाच्या मोबाईलवर तिचा भरवसा नव्हताच. तिने आपल्या पद्धतीने तपास केला. देवळातल्या पुजाऱ्याला विचारलं. त्याने काय सांगितलं हे लपवून गल्लीतल्या निवृत्त शिक्षिकाबाईंना विचारलं. भजनी मंडळातल्या बुवांना दवाखान्याच्या वाटेवर रिक्षा थांबवून विचारलं. तिघांनीही तेच सांगितलं. ते ‘नको’ आईचं, काळजीपोटी निघालेलं. देवीचं मोठं मानाचं नाव आहे, वाईट काही नाही.

मला वाटलं, मिटलं. ती म्हणाली, “देवीचं मिटलं. ती हिमालयाची लेक. मी तिसरी. माझ्या बापाच्या मनात कंचं नको हुतं?”

“पण नाव बापाने ठेवलं का?” मी म्हणालो. “आपल्यात कानात बोलते ती आत्या.”

ती माझ्याकडे बघतच राहिली. इतक्या वर्षांत मी तिला सुचवलेली आणि तिने ‘कोण म्हनलं?’ न विचारता घेतलेली ही एकच गोष्ट असेल.

तिची आत्या जिवंत होती. टोळीबरोबर ऊस तोडायला पाथर्डीकडून आली आणि काष्टीला राहिली ती कायमचीच. पोरांनी तिथे जमीन केली, घर बांधलं. आम्ही ओळखीच्याची गाडी करून गेलो. आमचा मुलगा नको म्हणत होता, आईला प्रवास झेपणार नाही म्हणून. “झेपंल. न झेपायला मी काय पायी जाते?” ती म्हणाली.

म्हातारी पडवीत बाजेवर बसली होती. डोळे गेलेले, कान शाबूत. हिने पाया पडण्याआधीच विचारलं, “आत्या, माझं नाव तू ठिवलंस का दादानं?” दादा म्हणजे तिचा बाप.

“उमे, तू व्हय? त्यो कशाला ठिवतोय? त्यो तवा रानात रुसून बसलाता.”

“म्हंजी मी त्याला नको हुते.”

“नकोच हुतीस. त्याला पोरगा पायजे हुता. म्या खोटं कशाला बोलू? पर नाव त्याचं न्हाई. नाव माझं हाय.”

हिच्या तोंडावर काही हललं नाही. मला वाटलं आता गाडीत बसू म्हणेल. म्हणाली, “मंग तू तरी हेच नाव का ठिवलंस?”

“मला पैली लेक झाली ती साखर कारखान्यावर, पाचटाच्या कोपीत. सायबाच्या बंगल्याम्होरनं डोईवर उसाच्या वाढ्याचा भारा घिऊन जायचे, तवा आतली बाई तिच्या लेकीला हाक मारायची. ‘उमा, ए उमा.’ लई माया हुती गं त्या हाकंत. म्या म्हनलं, माझी बी उमाच. महिनाभर बी न्हाई जगली. त्या मागनं तू झालीस. तिसऱ्या पोरीचं बारसं कोन करतंय? म्याच वाटीभर घुगऱ्या शिजवल्या आन् तेच नाव तुझ्या कानात घातलं. माझ्यापाशी दुसरं काय हुतं द्यायला?”

“त्याचा अर्थ ठावं हुता का तुला?”

“नावाला अर्थ असतो व्हय?” म्हातारीने मलाच विचारलं. “काय वं जावईबापू?”

हिने पदर तोंडाला लावला. हसत होती की रडत होती ते मला दिसलं नाही. थोड्या वेळाने पदराआडून आवाज आला, “आत्या, खरं सांगतीस ना? कोण म्हनलं?”

“म्या म्हनलं!” म्हातारीने छातीवर हात आपटला. “म्या!”

परत येताना दोन्ही बाजूंना ऊस होता. ती त्याच्याकडे बघत बसली. नगर जवळ आलं तेव्हा बोलली. “तुमी आधी फोन केलता का तिला?”

“कशाला?”

“शिकवून ठिवायला.”

“माझ्याकडे तिचा नंबर नाही. तिच्याकडे फोन आहे का तेही मला माहीत नाही.”

तिने माझ्या तोंडाकडे बघितलं, वजन करणाऱ्याच्या तोंडाकडे बघायची तसं. मग मान हलवली. “बाप मला वाटलं तसाच निघाला,” म्हणाली. “नाव मातर तसं न्हाई निघालं.” आणि भिंगारच्या वेशीत म्हणाली, “आता मला त्याच नावानं हाक मारा.”

सांगायला सोपं होतं. माझ्या जिभेला आयुष्यभर ‘सुमन’ची सवय. सकाळी चहा ठेवला आणि धीर करून म्हणालो, “उमा, चहा घेतेस का?”

ती आतून ओरडली, “काय पायजे तुमाला?”

बारसं तिच्या हट्टाने लगेच केलं. हिला पाळण्याच्या उशाशी खुर्चीत बसवली. तोवर सगळ्यांना काष्टीची गोष्ट कळली होती, आणि बाळाची आत्या म्हणजे आमची लेक मंगल कानात वाकण्याआधी पूजा म्हणाली, “आई, आपण हिचं नाव उमाच ठेवू या ना. तुमचं नाव पुढे चालेल.” सगळ्या बायकांचे डोळे पाणावले. हिचे नाही. हिने दोरी धरली.

“न्हाई.”

“का आई?”

“माझं हाय ते. आत्ता कुठं मिळालंय. मी कुनाला देनार न्हाई. पोरीला तिचं ठेवा, अपर्णा. आन् खायला घाला मातर तिला.”

मंगलच्या पाठीत धपाटे बसले. त्यातला सगळ्यात जोराचा हिचा होता.

त्यानंतर ती फार दिवस राहिली नाही. तेवढ्या दिवसांत मी तिला उमा म्हणून हाक मारत होतो. हळूहळू ती ‘काय पायजे’ न म्हणता ‘ओ’ द्यायला लागली. शेवटी दवाखान्यात बोलणं बंद झालं, तेव्हाही त्या नावाला तिची पापणी हलायची. सुमन म्हणून हाक मारून मी बघितलं नाही. बघायचं नव्हतं.

दहाव्याला काष्टीहून आत्याचा थोरला आला. आत्या उठू शकत नाही म्हणाला. मी त्याच्याशी बोलता बोलता म्हणालो, “तुमची ती बहीण जगली असती तर हिच्यापेक्षा मोठी असती.”

तो गोंधळला. “कोणती बहीण, दाजी? आम्ही तिघं भाऊच. आम्हाला बहीण नव्हती.”

बायको असती तर तिने त्याच दिवशी गाडी करून काष्टी गाठली असती, आणि म्हातारीच्या बाजेपुढे उभी राहिली असती. मला तिचाच शब्द आठवला. मी त्याला विचारलं, “नव्हती, असं तुला कोण म्हणालं?”

“कोणी म्हणालं नाही. पण आई कधी बोललीच नाही तसं.”

“तुझ्या जन्माआधी कोपीत काय झालं, ते तुला काय माहीत?” मी म्हणालो. बायका पोराचं दुःख पोटात ठेवतात. किंवा म्हाताऱ्या बायका दारात आलेल्या आजारी लेकीला काहीतरी देऊन पाठवतात. दोन्ही होऊ शकतं. जाताना तो म्हणाला, “दाजी, या एकदा काष्टीला. आई तुमची आठवण काढते.”

म्हातारी अजून आहे. भिंगारहून जाणं अवघड नाही. मी गेलेलो नाही आणि जाणारही नाही. आमच्या घरात शंका घ्यायचं काम तिचं होतं. तिचा तपास पुरा झाला होता, मी तो पुन्हा उघडणार नाही.

मुलाने फोटोखाली ‘सुमन’ छापून आणलं होतं. मी ते परत पाठवून ‘उमा’ करून घेतलं. भेटायला येणारे नातेवाईक फोटोकडे बघतात, एकमेकांकडे बघतात, आणि मग मला विचारतात, “उमा? असं कोण म्हणालं?”

मी सांगतो, “आत्या म्हणाली.”