मावशींच्या पोतीतले मणी

माझ्या प्रबंधाचा विषय ऐकला की लोक दोनच गोष्टी करत. बायका चहा टाकायला उठत आणि पुरुष हसत. ‘मध्ययुगीन नगरांतील वेश्याव्यवसायाचा सामाजिक इतिहास’ हे शब्द सिंगापुरातल्या मराठी बैठकीत उच्चारले की सगळ्यांना एकदम मुलांचा गृहपाठ आठवायचा. नवऱ्याच्या जहाजावरचा एक दोस्त म्हणाला, “वहिनी, एवढी पुस्तकं कशाला? गेलांगच्या लाल दिव्याच्या गल्लीत एक चक्कर मारून या.” त्याला मी दुसरा लाडू वाढला नाही.

नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं. नवरा मरीन इंजिनियर, वर्षातले सहा-सात महिने समुद्रावर. मी पुण्याहून अर्धवट प्रबंध, दोन पेट्या पुस्तकं आणि नवऱ्याच्या नावावरचा डिपेंडंट पास घेऊन सेम्बावांगच्या फ्लॅटमध्ये येऊन पडलेली. नोकरी नव्हती, मूलबाळ नव्हतं, म्हणून जेवणाच्या टेबलावर मध्ययुग मांडून बसायची. मार्गदर्शक बाई लाल शाईच्या खुणा करून पानं एअरमेलने परत पाठवायच्या. त्या खुणांवर मी जगत होते म्हटलं तरी चालेल.

आणि खरं सांगते, त्या टेबलाशी बसून मी रोज थक्क होत होते. ज्या बायकांबद्दल आमच्या घरात आवाज खाली करून बोललं गेलं, त्यांच्याबद्दल जुनी शहरं किती उघडपणे बोलत होती! युरोपातल्या कितीतरी शहरांत नगरपालिकाच कुंटणखाना चालवायची, मोठ्या सणाला तो बंद ठेवायची, आणि या बायकांनी कुठल्या रंगाची पट्टी लावून रस्त्यावर यायचं तेही ठरवायची. विजयनगरात आलेला एक परदेशी राजदूत लिहून गेला की शहराच्या पहारेकऱ्यांचा पगार या बायकांच्या करातून निघतो. ज्यांना मी गावकुसाबाहेरच्या समजत होते, त्या शहराच्या मधोमध बसलेल्या होत्या.

सगळ्यांत मोठा धक्का तंजावरचा. विद्यापीठाच्या लायब्ररीत, एअरकंडिशनरच्या गारठ्यात स्वेटर घालून, मी शिलालेखांच्या एका जाड खंडात तो वाचला. हजार वर्षांपूर्वी राजाने मोठं देऊळ बांधलं, देवाच्या सेवेला चारशे बायका आणून वसवल्या, आणि त्यांची यादी देवळाच्या भिंतीवर कोरून घेतली. कुठली गल्ली, गल्लीची कुठली बाजू, कितवं घर, आणि घरात राहणारीचं नाव. देवाची दासी आणि बाजारातली वेश्या या एक नव्हेत, हे मला कळत होतं. पण पुढच्या लोकांनी दोघींना एकाच शब्दात कोंबलं, आणि लायब्ररीच्या कार्डावरही तोच शब्द होता. मी बोट ठेवून एकेक नाव वाचत गेले. मला माझ्या पणजीचंसुद्धा नाव ठाऊक नाही.

आमच्या ब्लॉकमध्ये माझ्याहून दोन मजले खाली मावशी राहायच्या. सत्तरीला आलेल्या, सडसडीत, नेहमी नऊवारीत. मुलगा तुआसच्या कारखान्यात इंजिनियर, सून घरी, नात डिझाइनच्या कॉलेजात. यजमान निवृत्त शाळामास्तर. मावशींची सेम्बावांगभर ख्याती होती ती मंगळसूत्र गाठवण्याबद्दल. सेरंगून रोडचे सोनार तासाभरात करून देत, पण जहाजावरच्यांच्या बायकांना मावशींचाच हात लागायचा. नवरा समुद्रावर आणि मंगळसूत्र वाढलं, म्हणजे तुटलं, तर शिकलेल्या बायकांनाही घरात बसवायचं नाही. तुटलं म्हणायचंच नाही, वाढलं म्हणायचं, आणि मिळेल ती बस पकडून मावशींचं दार गाठायचं. त्या एका नारळाखेरीज काही घेत नसत.

मी अर्थातच असल्या गोष्टींना हसायची. मग एके दिवशी खिडकीबाहेर कपडे वाळत घालायचा बांबू खोवताना माझंच मंगळसूत्र त्यात अडकलं. वाट्या हातात राहिल्या आणि निम्मे मणी आठ मजले खाली गेले. नवऱ्याचं जहाज वादळाच्या पट्ट्यात होतं आणि बारा दिवस फोन नव्हता. इतिहासाची विद्यार्थिनी नारळ घेऊन जिने उतरली.

मावशींनी डबीतून नवे मणी काढले, दोऱ्याला मेण लावलं आणि ओवायला बसल्या. शेवटची गाठ मारायच्या आधी त्यांनी आपल्या गळ्यातली जुनी काळी पोत काढली, तिची गाठ सोडली, त्यातला एक मणी माझ्या दोऱ्यात सरकवला आणि पोत पुन्हा गळ्यात घातली.

“हे कशाला, मावशी?”

“रीत आहे.”

“कुणाची?”

“आमच्या आईची,” त्या म्हणाल्या आणि गाठ दातांनी आवळली.

ही रीत मी तिसऱ्या प्रकरणात लिहिली होती, भूतकाळात. देवाशी लग्न लागलेल्या बाईला वैधव्य नाही, ती अखंड सवाष्ण, म्हणून नव्या नवरीची पोत तिने ओवायची आणि स्वतःच्या गळ्यातला मणी त्यात घालायचा. ज्या घरात एरवी तिला उंबऱ्याच्या आत घेत नसत, त्या घरच्या लेकीच्या गळ्यात तिचा मणी. मी ते कुठल्या कुठल्या जुन्या पुस्तकांतून, तळटिपांच्या कुबड्या घेऊन लिहिलं होतं. आणि इथे सहाव्या मजल्यावर, टीव्हीवर चिनी मालिका चालू असताना, ते माझ्यासमोर घडलं होतं. त्या दुपारी मला हर्षाने रडू आलं. चार दिवसांनी नवऱ्याचा फोनही आला, पण तोवर मला त्याची आठवण कमीच राहिली होती.

यापुढे मी जे केलं ते फक्त पुस्तकातली बाईच करू शकते. दुसऱ्या दिवशी मी तिसरं प्रकरण घेऊन खाली गेले आणि मावशींच्या स्वयंपाकघरात बसून त्यांना वाचून दाखवलं. माझ्या जिभेला हाड नाही. मला वाटलं, त्यांना केवढा आनंद होईल. ‘वेश्या’ हा शब्द माझ्यासाठी लायब्ररीच्या कार्डावरचा होता, त्याला वास नव्हता. चौथ्यांदा की पाचव्यांदा मी तो उच्चारला तेव्हा ओट्याशी सुनेचं लाटणं थांबलं. तिने गॅस बंद केला आणि आत निघून गेली. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला.

मावशी मात्र शांत होत्या. त्यांनी विचारलं, “त्या तंजावरच्या बायकांची नावं कुणी घातली म्हणालीस?”

“राजाने.”

“दगडात?”

“दगडात.”

“घरासकट?”

“हो मावशी. गल्ली, बाजू, घर, सगळं.”

“केवढं मोठं मन,” त्या म्हणाल्या.

त्यानंतरच्या काही दुपारी त्यांनी मला थोडं थोडं सांगितलं. तळकोकणातलं देवळाचं गाव. त्यांच्या आईचं सातव्या वर्षी देवळात लग्न लागलेलं. दुसऱ्याच एका मुलीला नवरदेवाचा वेष देऊन, तिच्या हातात नारळ आणि कट्यार देऊन समोर उभं केलेलं. पुढे गावातल्या एका मोठ्या घराने आईला ठेवलं. त्या घरचं आणि गावातलं एकही लग्न आईने पोत ओवल्याशिवाय लागत नसे. त्या दिवशी तिला पुढच्या दाराने बोलावत, चौरंगावर बसवत, ओटी भरत. जेवायला मात्र मागच्या अंगणात पान. मावशींना आईने देवळाच्या पायरीवर चढू दिलं नाही, शाळेत घातलं. तिथल्याच एका तरुण मास्तरांनी सगळं माहीत असून मागणी घातली. आईने लेकीचं मंगळसूत्र आदल्या दिवशी ओवून दिलं, स्वतःची पोत काढून तिच्या गळ्यात घातली, आणि लग्नाला आली नाही.

“मग आम्हा सगळ्यांना तुम्ही देता ते मणी...”

“तिचेच. संपत आलेत आता.”

किती बायका असतील? वीस, पंचवीस? सेम्बावांग, यिशुन, पार तुआसकडच्या कंपनी क्वार्टर्सपर्यंत, इंजिनियरांच्या आणि मॅनेजरांच्या बायका गळ्यात तो एकेक मणी घालून पार्ट्यांना जात होत्या आणि माझा विषय ऐकून चहा टाकायला उठत होत्या. मला हसू यायला हवं होतं. पण आलं नाही. एवढं जुनं काहीतरी इतक्या मुकाट्याने समुद्र ओलांडून आलं होतं आणि कुणाला पत्ता नव्हता.

शेवटी एका दुपारी मावशी म्हणाल्या, “तुझ्या पुस्तकात माझ्या आईचं नाव घाल. गाव, देऊळ, घर आणि नाव. तिचं नाव कुठल्याच कागदावर नाही गं. माझ्या शाळेच्या दाखल्यावरही नव्हतं. मी गेले की ते गेलंच.”

त्यांनी नाव सांगितलं. मी म्हटलं, “घालते.” हातात हात देऊन म्हटलं.

पुण्याला कळवल्यावर बाईंचं पत्र आलं, आणि त्यात लाल खूण एकही नव्हती. नावागावासह ही नोंद आली तर हे प्रकरण प्रबंधाचा कणा होईल, असं त्यांनी लिहिलं होतं. मी हवेत तरंगत होते. त्याच आठवड्यात मावशींची सून वर आली. चहा नको म्हणाली, खुर्चीच्या काठावर बसली.

“ताई, आमच्या मुलीचं पुण्यात जमतंय. तिकडच्यांनी मुलीचं आजोळ विचारलंच, तिच्या वडिलांचंही विचारलंय.”

“पण प्रबंध कोण वाचतं हो?”

“तुमच्या पुण्यात वाचतात.” ती थांबली. “आईंनी माझी दोन बाळंतपणं काढली. एक गेलं, एक राहिलं. मी त्यांना कधी लागेल असं बोलले नाही, पुढेही बोलणार नाही. पण उद्या इथल्या बायकांना कळलं तर त्या तो मणी गळ्यात ठेवतील का? आईंकडे कुणी येईल का? इथे त्यांना तेवढंच आहे. पाया पडते तुमच्या.”

आणि ती खरंच वाकली. मी तिला उठवलं. ती दुष्ट असती तर सोपं झालं असतं. मी पुष्कळ शिव्या तयार ठेवल्या होत्या, पण त्या कुणाला द्यायच्या ते कळेना. एकीला नाव हवं होतं, एकीला लेकीचं लग्न, आणि दोघींचंही बरोबर होतं. मावशींकडे जाऊन विचारायचं धाडस मला झालं नाही. मी परस्पर ठरवून टाकलं.

वर्षभराने बांधलेली प्रत हातात आली. निळं कापड, सोनेरी अक्षरं. मावशींना ती दाखवणं टाळायला मी महिना काढला. मग त्यांनीच निरोप धाडला. त्यांनी हात धुतले, चष्मा लावला, प्रत मांडीवर घेतली.

“यात आई कुठे आहे?”

मी पान काढून ओळीवर बोट ठेवलं. ‘माहितीदार क्र. २ हिची आई. कोकणातील एक देवस्थान.’

“ही?”

“हो.”

त्यांनी ती ओळ दोनदा वाचली. पहिलीतल्या मुलीसारखी, ओठ हलवत. मी काहीतरी बोलायला लागले, लग्नाचं, स्थळाचं. त्यांनी हात वर केला.

“सूनबाई आली होती ना?”

“हो.”

“पोर चांगली आहे ती. घाबरते.” मग आतल्या खोलीकडे वळून त्यांनी नातीला हाक मारली, “अगं, तुझी पेन्सिल दे जरा.”

“आजी, कशाला लाह? माझा ड्रॉइंग अर्धा आहे,” असं सिंगापुरी ढंगात म्हणत नातीने पेन्सिल आणून दिली आणि परत गेली. मावशींनी समासात, त्या ओळीच्या शेजारी, शाळेतल्या वळणाने हळूहळू लिहिलं. गाव. देऊळ. देवळाच्या कुठल्या अंगाला, कितवं घर. आणि त्याखाली नाव. मी पाहत होते. हजार वर्षांपूर्वी कुणी तरी छिन्नी घेऊन असंच खाली बसलं असेल.

लिहून झाल्यावर त्यांनी फुंकर मारली आणि प्रत माझ्याकडे दिली.

“पेन्सिलीने लिहिलंय. कुणाला जड गेलं तर खोडता येईल.”

नातीचं लग्न त्याच वर्षी झालं, मावशींनीच पोत ओवली. मावशी जाऊनही आता बरीच वर्षं झाली. विद्यापीठाच्या लायब्ररीत माझ्या प्रबंधाची जी प्रत आहे तिच्यात माहितीदार क्रमांक दोन आहे. नाव फक्त माझ्या कपाटातल्या प्रतीत आहे. ते शाईने गिरवावं म्हणून मी कितीदा तरी पेन उघडून बसले, आणि दर वेळी वाकलेली सून आठवून पेन बंद केलं. ती आता सत्तरीची आहे, माझ्याशी फोनवर प्रेमाने बोलते. ते पान मी खिडकीशी तिरकं धरून पाहते. गाव वाचता येतं, देऊळ वाचता येतं. नावाचं पहिलं अक्षर गेल्या वर्षी दिसेनासं झालं.