डावीकडून गोळी

"आधी नीट वाचा, मग बोला," असं म्हणून ताई समोरच्याचा कागद त्याच्याच हातात परत ठेवत. कसबा पेठेतल्या आमच्या छापखान्यात त्या कॉम्प्युटरवर लग्नपत्रिका जुळवायच्या आणि मी मुद्रितं तपासायचो. गिऱ्हाईक असो की मालक, त्यांचा राग सगळ्यांना सारखाच मिळे. अशी माणसं तुमच्याही ओळखीची असतील. आपण त्यांना खाष्ट म्हणतो आणि मोकळे होतो. मीही तेच करत होतो.

एकदा जेवणाच्या सुट्टीत त्यांच्या पडद्यावर पत्रिकेऐवजी बंदुका दिसल्या.

"हे काय, ताई?"

"युद्ध. दिसत नाही का?"

हळूहळू कळलं. ताई आणि त्यांचा थोरला भाऊ, दोघं मूळचे अमरावतीकडचे. भाऊ हडपसरच्या एका कारखान्यात पत्रे ठोकणाऱ्या यंत्रापाशी बारा वर्षं उभा होता. कानात घालायचे इअरप्लग फक्त तपासणीच्या दिवशी वाटायचे आणि संध्याकाळी मोजून परत घ्यायचे. आधी कान गेले, मग नोकरी.

"त्याचे कान जन्मापासूनच कमजोर होते, असं लिहून दिलंय कारखान्याने," त्या म्हणाल्या. "बारा वर्षं भोंगा ऐकून कामाला लागत होता, तेव्हा नव्हते का कमजोर?"

भावाला एकच विरंगुळा उरला होता. हातात धरून खेळायच्या जुन्या यंत्रावरचा एक लष्करी गेम त्याने जुने गेम चालवणाऱ्या एम्युलेटर ॲपवरून मोबाइलमध्ये घेतला होता. पण त्यात हुकूम वायरलेसवरून यायचे आणि शत्रूची चाहूल आवाजावरून लागायची. हा दोन मिनिटांत मरायचा. एके दिवशी त्याने मोबाइल भिंतीवर फेकला.

ताईंना प्रोग्रॅमिंग येत नव्हतं, अक्षरं येत होती. गेममध्ये आवाजाबरोबर पडद्यावर येणाऱ्या बारीक खुणा काढून तिथे आपली चित्रं बसवता येतात, एवढं त्या शिकल्या. मग पडद्यावर ठळक मराठीत 'पुलाकडे चला', 'खाली वाका' असं उमटू लागलं. ज्या बाजूने कोणी नेम धरला त्या कडेला जाड पिवळा बाण यायचा, 'डावीकडून गोळी'. चार महिने त्यांनी सुट्टीत डबा उघडला तो एका हाताने. नंतर गेम इंटरनेटवर फुकट ठेवला. सोबत दोन ओळी लिहिल्या: 'भावासाठी केला आहे. ज्यांना ऐकू येत नाही त्यांनी जरूर घ्यावा.'

विश्रांतवाडीच्या एका कॉलेजातल्या मुलाने तो उचलला. त्या दोन ओळी पुसल्या, 'बहिरा व्हर्जन' असं नाव दिलं आणि कानावर हात धरून, वेडावत खेळतानाचा व्हिडिओ टाकला. लोक हसले. मोबाइलमध्ये बसवून मिळेल म्हणून खाली त्याचा नंबरही होता. ताईंनी गिऱ्हाईक म्हणून पत्ता मिळवला आणि रविवारी भावाला आणि मला घेऊन निघाल्या.

"दादाला कशाला नेताय?" मी विचारलं.

"याच्या तोंडाकडे बघून हस म्हणावं त्याला." भावाला मात्र त्यांनी कागदावर एवढंच लिहून दिलं होतं, 'आपला गेम घेतलेल्या मुलाकडे जायचंय.'

मुलाने दार उघडलं. ताईंनी व्हिडिओ त्याच्यापुढे धरला. "वाचता येतं ना? मग त्या दोन ओळी का पुसल्या?"

"काकू, जस्ट फन होतं. एवढं सिरियसली काय घेता?"

ताईंनी तोंड उघडलं, तोवर भाऊ आत शिरला होता. टेबलावरच्या मोबाइलवर त्याला आपली मराठी अक्षरं दिसली होती. ऐकू न येणारी माणसं बोलतात तसं तो मोठ्याने म्हणाला, "तुला आवडला का हा? कुठं अडकून राहिला रे तू? पुलावर? थांब, दाखवतो." आणि मुलाच्या खांद्यावर हात ठेवून खाली बसला. अर्धा तास शिकवत होता. मुलाने मान वर केली नाही.

मधेच भावाने बहिणीकडे वळून विचारलं, "काय म्हणते हा?"

मला त्या मुलाच्या थोबाडीत द्यायची होती. ताईंनी खिशातला कागद काढला, पेन घट्ट धरलं आणि लिहिलं, 'फार आवडला म्हणतो.'

मुलाने व्हिडिओ त्याच दिवशी काढून टाकला. नंतर तो माफी मागायला छापखान्यात आला, तर ताईंनी त्याला उभंही केलं नाही. वर्षभरात त्या भावाला घेऊन अमरावतीकडे निघून गेल्या. मला ताई आठवतात त्या रविवारी, मुलाच्या घराच्या जिन्यात. भाऊ पुढे, सगळ्या इमारतीला ऐकू जाईल असं सांगतोय, "चांगला पोरगा आहे, लवकर शिकला." आणि दोन पायऱ्या मागे ताई, दातांवर दात दाबून, प्रत्येक वाक्याला होकाराची मान हलवत उतरताहेत.