येतो म्हणण्याचा गुन्हा

सिंगापूरच्या कोर्टात माझ्यावर अवमानाचा खटला उभा राहिला तो एका क्रियापदामुळे. (मी बँकेच्या कम्प्लायन्स विभागात आहे. लोक नियम पाळतात की नाही, हे बघायचा मला पगार मिळतो!)

घटस्फोटानंतरचा आदेश साधा होता. आमची सई, वय वर्षं सात, रविवारी दिवसभर माझ्याकडे चोआ चू कांगला. संध्याकाळी सहाला तिला बिशान एमआरटी, म्हणजे मेट्रो स्टेशनच्या गेटवर तिच्या आईच्या, म्हणजे मे लिनच्या ताब्यात द्यायचं. मे लिनच्या फ्लॅटकडे फिरकायचं नाही, येण्याची धमकीही द्यायची नाही. आदेश मोडला तर तुरुंग, आणि सईचे रविवारही गेले!

गेटवर सई भोकाड पसरायची. मे लिन तिला घाईने ओढून न्यायची. निरोप राहायचाच. मग मी ट्रेनमध्ये बसून, नाक पुसत, मे लिनच्या फोनवर लिहायचो, "सई, येतो हं!"

मे लिन इथलीच, चिनी. आठ वर्षांच्या संसारात ती मराठीत 'बास' आणि 'वरण' एवढंच शिकली (शिकवायचा कंटाळा माझा!). तिने फोनमधल्या भाषांतराच्या ॲपला अर्थ विचारला. ॲप म्हणालं, "सई, मी येत आहे!" दर रविवारी! बिचारीने कुलूप बदललं. दाराबाहेर कॅमेरा लावला. आणि नेमका एका रविवारी सईचा चष्मा माझ्या पिशवीत राहिला. सोमवारी शाळा! मी शहाण्यासारखं "येतो हं" लिहिलं आणि खरंच गेलो. चष्मा दाराला अडकवला आणि धूम ठोकली. कॅमेऱ्यात मी अट्टल चोर दिसत होतो.

"फक्त हो किंवा नाही म्हणा," माझ्या वकिलांनी बजावलं होतं.

न्यायाधीशबाईंनी विचारलं, "तुम्ही निघताना 'येतो' म्हणता?"

"हो."

"आणि खरंच येणार असलात तर?"

"तेव्हाही 'येतो'च, मॅडम."

"मग जाताना 'जातो' का नाही म्हणत?"

"अशुभ असतं. 'जातो' म्हणणारा परत येत नाही, असं आई म्हणायची."

"तुम्ही परत येऊ नये, म्हणूनच तर आदेश काढला होता!"

वकिलांनी डोळे मिटले.

हातापाया पडून माफी मागितली म्हणून तुरुंग टळला. रविवार मात्र छाटले गेले. आता जुरोंग ईस्टच्या एका ऑफिसात फक्त दोन तास, तेही शेजारी बसलेल्या अधिकारी बाईंच्या नजरेखाली.

पहिल्याच भेटीत मी विचारलं, "सई, माझ्या मेसेजची भीती वाटायची का गं तुला?"

"नो लाह," ती इथल्या खास इंग्रजीत म्हणाली. "मम्मी रीड आउट, देन आय वेट बिहाइंड द डोर. बाबा, यू ऑल्वेज से कमिंग. बट यू नेव्हर कम."

दर रविवारी माझी पोर दारामागे उभी, आणि मी घरी वरण-भात गरम करतोय, आदेश पाळल्याच्या समाधानात! अधिकारी बाईंसमोर ढसाढसा रडलो.

एकदा गेलो, त्याची शिक्षा कोर्टाने दिली. बाकीचे सगळे रविवार गेलो नाही, त्याची माफी सईकडे मागायची आहे. इंग्रजीतच मागावी म्हणतो. मराठीत मी बोलतो एक आणि लोकांना कळतं दुसरंच!