कैलाशच्या मडक्यातले वाल

कैलाशने ट्रक सोडला तेव्हा गावात कोणाचा विश्वास बसला नाही. तो साकोलीहून माल घेऊन पार रायपूरपर्यंत जायचा. घरी यायचा तो रविवारी. त्या दिवशी त्याची बायको रक्षा मडक्यात वाल लावायची. धानाच्या भुशाच्या धगीत ते मडकं सकाळपासून पुरलेलं असायचं. कैलाश आंघोळ करून बसला की ती झाकणाची कणीक फोडायची. वास आमच्या घरापर्यंत यायचा. मी वाटी घेऊन जायचो.

यंदा रोवणीच्या दिवसांत रक्षाला धानाच्या बांधीत साप चावला. साकोलीला नेईपर्यंत सगळं संपलं होतं. कैलाश तेव्हा रायपूरच्या रस्त्यावर होता.

तो परत आला आणि पुन्हा ट्रकवर चढला नाही. गावातल्या राइस मिलमध्ये पोती उचलू लागला. सहा वर्षांच्या लेकीची, मनालीची वेणी घालू लागला. वेणी वाकडी व्हायची. ती तशीच शाळेत जायची.

दिवाळीनंतर बपेऱ्याहून रक्षाच्या आईचा, देवकाबाईंचा फोन आला.

"येऊन पायतो, जवाईबापू. तुमच्यानं होत असन त ठेवा पोरीले. नाही त मी नेतो."

कैलाश मला म्हणाला, "वाल लावतो."

"काहून? वरण-भात कर ना."

"वरण-भात त कोणीबी करते. वाल रक्षाले म्हातारीनंच शिकवले होते."

घरामागच्या सांदवाडीच्या कुंपणावर रक्षाने गेल्या वर्षी वेल चढवले होते. ते वाल तिने वाळवून राखेत ठेवले होते. तेवढेच उरले होते. कैलाशने ते सगळे आदल्या दिवशी भिजत घातले. मी मिलमधून भुसा आणला. त्याने मडक्यात वाल घातले. तेल, कांदा, लसूण, तिखट, मीठ घातलं. मग चिंच कोळून ओतली.

"एवढी लागते का?" मी विचारलं.

"मले काय मालूम? मी त झाकण निघतानाच पायलं."

मनालीने कणकेची वळी करून दिली. त्याने झाकण बंद केलं, मडकं भुशात पुरलं. दिवसभर आम्ही तिथेच बसलो. घरात कोणी आजारी असावं तसे.

"बाबा," मनालीने विचारलं, "वाल चांगले झाले त आजी एकटीच जाईन ना?"

"हो."

देवकाबाई दुपारच्या बसने आल्या. नातीच्या वाकड्या वेणीवरून त्यांनी हात फिरवला. संध्याकाळी कैलाशने कणीक फोडली. तोच वास आला. त्याच्या चेहऱ्यावर कितीतरी दिवसांनी काही उमटलं.

पहिल्या घासालाच दाणा दाताखाली वाजला. मी थांबलो. कैलाश थांबला. मनाली चावत राहिली. कटकट आवाज येत होता. तिने घास गिळला आणि दुसरा घेतला.

"अच्छे झाले बाबा. आईवानीच."

देवकाबाईंनी एक दाणा बोटांत दाबून पाहिला.

"चिंच आधीच टाकली काय, बापू?"

"मले वाटलं, संगंच टाकत असन."

"आंबट लागलं का दाना मऊ होत नाही. दाना शिजल्यावर टाकायची." त्यांच्या आवाजात राग नव्हता. त्यांनी मनालीच्या ताटावर हात धरला. "राहू दे माय. पोट दुखन."

मनालीने ताट ओढून घेतलं. "मले आवडते."

देवकाबाईंनी तिच्याकडे पाहिलं.

"मी नेतो हिले. पन वाल कच्चे राह्यले म्हणून नाही," त्या म्हणाल्या. "पोरगीच तुमाले सांभाळू लागली, बापू. आतापासूनच."

कैलाशने ताटात पाहिलं.

सकाळच्या बसने त्या दोघी गेल्या. मनाली खिडकीशी बसली होती. रडली नाही. आजीने घातलेली वेणी अगदी सरळ होती. बस हलली तेव्हा तिने बापाला ओरडून सांगितलं, "जेवजा बाबा."

संध्याकाळी मी त्याच्या घरी गेलो. मडकं पुन्हा भुशात होतं. त्याने कालच्याच वालांत पाणी वाढवलं होतं. पळीने एक दाणा काढून त्याने माझ्या हातावर ठेवला.

"पाय बरं, झाला काय?"

मी चावला.

"होत आला," मी म्हणालो. "थोडा वेळ राहू दे."

त्याने मान हलवली, झाकण ठेवलं आणि वरून आणखी भुसा लोटला.