मस्यू वासलँ यांचं सातवं प्रकरण

आमच्या इमारतीत चौथ्या मजल्यावर गोंत्राँ वासलँ एकटेच राहत. शाळेत ते तत्त्वज्ञान शिकवत, मी भूगोल. अस्तित्ववादी विचारवंतांवर त्यांचा ग्रंथ कित्येक वर्षं चालला होता. तेव्हा पॅरिसात आमच्या भागात जो तो अस्तित्ववादावर बोलायचा. वासलँ मात्र वाचून बोलायचे, त्यामुळे कॅफेत त्यांच्या टेबलाशी कुणी फिरकत नसे.

गाडी अडली ती सातव्या प्रकरणात. विषय होता ‘दुसऱ्याची नजर’. कुणी आपल्याकडे पाहत राहिलं की आपण माणूस उरत नाही, वस्तू होतो, असं काहीसं त्यात होतं. आणि इकडे इमारतीच्या आतल्या चौकापलीकडच्या खिडकीत मादाम पेलूर रोज बटाटे सोलत बसायच्या. बाई विधवा, आवाज खणखणीत आणि नजर थेट यांच्या टेबलावर.

एका सकाळी वासलँनी खिडकी उघडली.

“मादाम, तुम्ही माझी वस्तू करून टाकलीय!”

“मी कशाला करू? तुम्ही मुळातच खांबासारखे बसता. आणि ते दूध उतू चाललंय, बघा आधी!”

वासलँनी चिडून जाड हिरवा पडदा लावला. जिन्यात मला म्हणाले, “आता मी मुक्त झालो हो!”

त्याच आठवड्यात, ते एका वाक्यात बुडालेले असताना, शेगडीच्या ज्वाळेनं पडदा पेटला. धूर दिसताच मादाम बादली घेऊन धापा टाकत जिना चढल्या, मागोमाग मी. अर्धं पाणी पडद्यावर गेलं, अर्धं सातव्या प्रकरणावर.

“माझं प्रकरण!” वासलँ किंचाळले.

“जिवंत आहात ना? लिहा परत!”

पण बाईंनाच वाईट वाटलं. ओली पानं त्यांनी आपल्या दोरीवर, मोज्यांशेजारी, चिमटे लावून वाळत घातली आणि घालता घालता वाचली.

“काय हो मस्यू, एवढ्या पानांत कुणी जेवत कसं नाही?”

“ते... गृहीत धरलंय.”

“गृहीत धरून पोट भरतं वाटतं! बसा. कांद्याचं सूप आहे.”

वासलँ बसले. दुसऱ्या दिवशीही बसले. प्रकरण नव्यानं लिहिलं गेलं, ग्रंथ निघाला. एका मासिकानं ठपका ठेवला: सातवं प्रकरण अकारण आनंदी आहे. तिसऱ्या दिवशी वासलँ माझ्या दारात उभे राहिले आणि लाजून लालबुंद होत म्हणाले, “शनिवारी मोकळे आहात का? लग्नाला साक्षीदार हवाय.”