पहिली पाटी

आमच्या आत्याबाईंनी, म्हणजे माझ्या सासूबाई सिद्धम्मांनी, सत्तरी ओलांडली. गुडघे गेले, दात गेले, पण कमलबाईंवरचा जळफळाट अजून ठणठणीत आहे. त्याचं कारण गावाच्या वर डोंगरात असलेलं तळं.

बहात्तरच्या दुष्काळात सरकारी कामावर ते तळं झालं. आत्याबाई तेव्हा नव्या नवरी, माती वाहायला जायच्या. बांधाचा पाया भरताना पहिली पाटी त्यांनी टाकली. मुकादमानं एवढ्या बायांतून त्यांनाच पुढं केलं, हे मी लग्न होऊन आले त्या दिवसापासून ऐकते आहे. पाहुणा आला की आमच्याकडं चहाच्या आधी पाटी येते.

आणि तळं भरून सांडव्यावरून पाणी पडलं, की गावातर्फे त्याची ओटी भरायचा मान कमलबाईंचा. त्यांची जमीन तळ्यात गेली म्हणून. ओटी भरणारीनं तळ्याची एक कळशी घरी न्यायची आणि देवापुढं ठेवायची, अशी रीत. ती कळशी आमच्या दारावरून जायची तेव्हा आत्याबाई मुद्दाम पाठ फिरवून बसायच्या. "माती आमी वाह्यची आन् मिरवायचं हिनं," म्हणायच्या. कमलबाई बांधावर दरवर्षी अगदी मधोमध, एकाच जागी उभ्या राहतात, याचाही राग. साऱ्या गावानं बघावं म्हणून, असं त्यांचं मत. एकदा मी म्हटलं, असू द्या, एका दिवसाचा तर मान. पुढं दोन दिवस माझ्या हातची भाकरी त्यांना कच्ची लागली.

यंदा कमलबाई पडल्या, खुबा मोडला. तळं भरलं तसं त्यांनी नात निकिताला आमच्याकडं पाठवलं. यंदा ओटी सिद्धम्मानं भरावी, असा निरोप. आत्याबाईंनी ठेवणीतलं हिरवं इरकल काढलं आणि सकाळपासून तीनदा नेसल्या. बांधावर थेट मधोमध जाऊन उभ्या राहिल्या. खण-नारळ वाहिला तोही सावकाश, सगळ्यांना दिसेल असा. येताना कळशी मलाही घेऊ दिली नाही. वाटेत कमलबाईंचं घर लागलं. नुसतं दारावरून जाऊन त्यांचं समाधान होणार नव्हतं, त्या आत शिरल्या.

कमलबाई बाजेवर पडून होत्या. कळशी बघून हसल्या आणि कुठं उभी राहिलीस, म्हणून विचारलं.

"मधोमध. तुझ्याच जागेवर," आत्याबाई ठसक्यात म्हणाल्या.

"बरं केलंस. तिथं बांधाखाली माझी हीर हाय. मालकानं आन् सासऱ्यानं दोघांनीच खांदली व्हती. पाणी लई गोड." मग म्हणाल्या, "तुला ठावं असंल की. बुजवताना पैली पाटी तूच टाकलीस. म्या समोर उभी व्हते."

आत्याबाई कळशी घेऊनच खाली टेकल्या.

"मला खड्डा वाटला गं," त्या म्हणाल्या.

"दुष्काळात आटली व्हती. खड्डाच दिसणार."

आत्याबाई उठल्या आणि कळशी कमलबाईंच्या देवापुढं ठेवली. कमलबाई नको नको म्हणत होत्या, यंदाचा मान तुझा, तुझ्या घरी ने.

"तुझ्या हिरीचं पाणी हाय," आत्याबाई म्हणाल्या. "माझ्या देवाला कोणत्या तोंडानं दावू?"

परवा ढोकीचे पाहुणे आले होते. चहा झाला, दुसरा चहा झाला. पाटी काही आली नाही.